स्मोक्ड सॅल्मनच्या मागावर: मुंबईतले चार दिवस

आमचा रेवदंड्याचा बायकांचा गट सुके बोंबील, सोडे आणि जवळा पाकिटात भरून विकतो. दिवाळीनंतर एका गिऱ्हाइकाने फोनवर सांगितलं, "ताई, तुमचे बोंबील महाग पडतात हो." त्याच आठवड्यात मुंबईत हॉटेलच्या स्वयंपाकघरात काम करणाऱ्या भाच्याने मला एक फोटो पाठवला. 100 ग्रॅम स्मोक्ड सॅल्मनचं पाकीट, आणि खाली किंमत. तेवढ्या पैशांत आमचे बोंबील किलोभर आले असते. तोही मासाच, त्यालाही मीठच लावलेलं, फक्त ऊन दाखवायच्या ऐवजी धूर दिलेला. मग त्या माशाला हा भाव मिळतो कसा, हे मला स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं. नाताळच्या आधीचा आठवडा निवडला आणि जाऊबाईंना बरोबर घेतलं. आमच्या गटाचा हिशोब त्याच ठेवतात.

बुधवार: धक्का, मंडई आणि एका नावाचा घोळ

मांडव्याहून रो-रो बोटीने तासाभरात भाऊच्या धक्क्यावर. थंडीची सकाळ, पाण्यावर धुकं, समोर मुंबई अर्धीच दिसत होती. मुक्काम माहीमला नणंदेकडे. जेवण उरकून दुपारी सिटीलाइटच्या मंडईत गेलो. गोपी टँक मंडई असं तिचं नाव असलं तरी सगळे सिटीलाइटच म्हणतात.

एका कोळीण मावशींच्या पाटावर मोठा रावस होता. शेजारी उभ्या असलेल्या गिऱ्हाइकाने विचारलं, "हा इंडियन सॅल्मन ना?" मावशी हो म्हणाल्या. तो गेल्यावर मी विचारलं, "मावशी, हा सॅल्मन कसा?" त्या म्हणाल्या, "बाय, यो रावस. लोक सॅल्मन बोलतात, म्हणून आम्ही पण बोलतो."

हा घोळ आधी निस्तरायला हवा, कारण पुढच्या सगळ्या बाजाराची गाठ इथेच आहे. रावस आणि सॅल्मन यांचं दूरचंही नातं नाही. रावस आपल्या किनाऱ्यावरचा, खाडीच्या तोंडाशी आणि चिखलाच्या उथळ पाण्यात फिरणारा मासा. मावशींनी त्याचा कल्ल्यामागचा पर उचलून दाखवला. त्याच्या खाली मिशांसारखे चार मोकळे धागे होते. सॅल्मनला असले धागे नसतात. रावसाचं मांस पांढरं, शिजल्यावर पाकळ्या सुटणारं. सॅल्मनचं मांस केशरी, आणि तो रंग अ‍ॅस्टाझँथिन नावाच्या द्रव्याचा. रानटी सॅल्मनला ते कोळंबीसारख्या जिवांतून मिळतं, पाळलेल्याला खाद्यातून दिलं जातं. रावस स्वतःच्या नावावर विकला जाण्याइतका मोठा मासा आहे. त्याला उसनं नाव दिलं की गिऱ्हाइकाला दोन्ही मासे कळत नाहीत. हे मी मावशींना म्हटलं. त्यांनी मान हलवली आणि पुढच्या गिऱ्हाइकाला मोठ्याने सांगितलं, "रावस हाय, ताजा रावस."

संध्याकाळी वांद्र्याला गेलो. एका दुकानात काचेच्या उभ्या फ्रीजमध्ये चीज, ऑलिव्ह आणि त्यांच्यामध्ये सॅल्मनची चपटी पाकिटं. सोनेरी पुठ्ठ्यावर केशरी चकत्या एकावर एक सरकवून ठेवलेल्या, वर घट्ट प्लास्टिक. एक पाकीट घेतलं. घरी आल्यावर भाच्याने ते उजेडात धरलं आणि त्याचा चेहरा पडला. आत बर्फाचे बारीक खडे, कोपऱ्यात पाणी, कडा तपकिरी. माल वितळून पुन्हा गोठला होता. दुकानात परत नेलं तर उत्तर मिळालं, "आमच्याकडे असाच येतो." पैसे परत मिळाले नाहीत. मला पैशांपेक्षा त्या माशाचं वाईट वाटलं. इतक्या लांबून नीट आलेला मासा शेवटच्या दोन किलोमीटरमध्ये वाया गेला होता.

घेणाऱ्यांसाठी सांगते. पाकिटात मोकळं पाणी किंवा बर्फाचे खडे नसावेत. प्लास्टिक माशाला घट्ट चिकटलेलं हवं, फुगलेलं नको. कडा सुकलेल्या किंवा तपकिरी नकोत. लेबलवर आयात करणाऱ्याचं नाव, एफएसएसएआयचा, म्हणजे सरकारी अन्नसुरक्षा खात्याचा, परवाना क्रमांक आणि मुदत हवीच. गोठलेला आणला तर फ्रीजच्या खालच्या कप्प्यात सावकाश वितळवा, आणि त्याआधी पाकिटाला भोक पाडा. हवाबंद अवस्थेत वितळताना घातक जंतू वाढायचा धोका असतो.

गुरुवार: ससून डॉक आणि थंड स्वयंपाकघर

पहाटेची लोकल पकडून चर्चगेट, तिथून टॅक्सीने कुलाबा. ससून डॉक 1875 सालचा, अल्बर्ट ससूनने बांधलेला. उजाडायच्या आधी बोटी लागलेल्या, बर्फाच्या लाद्या फुटण्याचा आवाज, ओल्या फरशीवर पाट्या ओढणाऱ्या बायका. लिलाव इतक्या भराभर चालतो की भाव ऐकू यायच्या आत पाटी उचलली जाते. शेडमध्ये कोळंबी सोलणाऱ्या बायकांची रांग होती. त्यांची बोटं बघत मी बराच वेळ उभी राहिले. नखाने डोकं, अंगठ्याने साल, एका कोळंबीला क्षणभर.

पण त्या दिवशी गर्दी नेहमीपेक्षा कमी होती. मार्गशीर्षातला शेवटचा गुरुवार. मराठी घरांत आज मासळी शिजत नाही, म्हणून भाव उतरलेला. एका तांडेलाने, म्हणजे बोटीच्या प्रमुखाने, सांगितलं, "आज माल बर्फात दाबा, शनिवारपासून बघा." आणि इथेच मला बाजाराचा पहिला धडा मिळाला. आपल्या मासळीचा बाजार मार्गशीर्ष, श्रावण, संकष्टी, एकादशी बघून वर-खाली होतो. 1 जून ते 31 जुलै बंदी, मग नारळी पौर्णिमा. सॅल्मनचा पंचांग वेगळा आहे. युरोपात नाताळ आणि ईस्टरला तो सगळ्यात जास्त खपतो, आणि तिथे मागणी चढली की त्याची झळ मुंबईच्या बिलातही लागते. मुंबईत मार्गशीर्षामुळे बोंबील उतरलेला असतो, त्याच दिवसांत नाताळामुळे सॅल्मन चढलेला असतो.

ससून डॉकला जाणार असाल तर पाचच्या आसपास पोहोचा, सहानंतर उत्तम माल उचललेला असतो. जुन्या चपला घाला, फरशी निसरडी असते. विचारल्याशिवाय कुणाचा फोटो काढू नका.

दुपारी भाच्याच्या हॉटेलात. परवानगी काढून त्याने आम्हाला 'कोल्ड किचन'मध्ये नेलं. डोक्याला टोपी, पायात प्लास्टिकचे मोजे. आत इतकी थंडी की जाऊबाईंनी पदर घट्ट लपेटून घेतला. फळीवर सॅल्मनची पूर्ण बाजू, म्हणजे एका माशाचा अर्धा भाग, कातडीसकट. भाच्याच्या हातात लांब, अरुंद, लवचिक सुरी, तिच्या पात्याला दोन्ही बाजूंनी खळगे, म्हणजे मासा चिकटत नाही. त्याने सुरी जवळजवळ आडवी धरली आणि शेपटीच्या दिशेने सरकवली. दाब नाही, नुसती ओढ. एक चकती सुटली. ती त्याने सुरीवरच उचलून दिव्यापुढे धरली, तर पलीकडची त्याची बोटं दिसत होती. कातडीलगतचा तपकिरी पट्टा त्याने वेगळा काढला. त्या मांसाला उग्र चव असते आणि ते लवकर खवट होतं.

मग त्याने पद्धत सांगितली. माशाच्या बाजूला कोरडं मीठ, थोडी साखर, आणि काही तास ते रात्रभर तसंच ठेवणं. मीठ पाणी ओढतं, मांस घट्ट होतं. मग धुऊन, पुसून, थंड वाऱ्यावर सुकवणं, वर पापुद्र्यासारखा चिकट थर येईपर्यंत. धूर त्या थराला धरतो. त्यानंतर ओक किंवा बीच अशा लाकडाचा धूर, कित्येक तास, पण उष्णता 30 अंशांच्या खाली. म्हणजे मासा शिजत नाही, कच्चाच राहतो. ह्याला कोल्ड स्मोक म्हणतात. हॉट स्मोकमध्ये मासा शिजतो आणि पाकळ्या सुटतात.

हे 30 अंश ऐकल्यावर मी आणि जाऊबाईंनी एकमेकींकडे पाहिलं. आमच्याकडे डिसेंबरातही दुपारी पारा त्याच्या वर जातो. म्हणजे गार धूर हवा तर यंत्राने गार केलेली खोली हवी. उन्हात वाळवणं ही आमची मागास रीत नव्हे, ती आमच्या हवेची रीत आहे. आम्हाला धूर द्यायचाच असेल तर बांगड्यासारख्या तेलकट माशाला गरम धूर देणं परवडेल. लक्षद्वीपमध्ये ट्यूना उकडून, धुरावर ठेवून, वाळवून 'मासमीन' करतात, ते ह्याच जातीचं. हे मी वहीत लिहून ठेवलं, पान दुमडून.

जाऊबाई गुरुवार करतात, म्हणून त्यांनी काही चाखलं नाही. माझ्यापुढे भाच्याने बशी ठेवली: चकती, लिंबाची फोड, शेपूसारखी दिसणारी डिल, मीठ-पाण्यात मुरलेल्या कच्च्या मिऱ्यांसारखे केपर्स, बाजूला क्रीम चीज. आधी मीठ, मग लोण्यासारखा मऊपणा, शेवटी धूर, आणि तो धूर घशात बराच वेळ राहिला. मला पावसाळ्यात आजीच्या चुलीवरच्या माळ्यावर टांगलेल्या सुक्या मासळीचा वास आठवला. जाऊबाईंसाठी भाच्याने तिथल्या फ्रीजमधलं, त्याच्या खात्रीचं एक पाकीट विकत घेऊन दिलं.

गरोदर बायका, वयस्कर मंडळी आणि आजारातून उठलेल्यांनी कोल्ड स्मोक्ड मासा कच्चा खाऊ नये. लिस्टेरिया नावाचा जंतू फ्रीजच्या थंडीतही वाढतो. शिजवून खाल्ला तर चालतो. उघडलेलं पाकीट दोन-तीन दिवसांत संपवा.

शुक्रवार: जकातीची गोष्ट आणि मरोळ

हा दिवस मला सगळ्यात जास्त शिकवून गेला.

सकाळी अंधेरीला, विमानतळाच्या मालवाहू विभागापासून जवळ, नणंदेच्या यजमानांच्या ओळखीतले एक आयातदार भेटले. मराठी माणूस, मूळ मालवणचे. शीतगृहाच्या दाराशी थर्मोकोलच्या पेट्या रचलेल्या, प्रत्येकीवर तारीख आणि माशाचं वजन. एक पेटी त्यांनी उघडली. बर्फाच्या चुऱ्यात पोट साफ केलेले, डोक्यासकट चंदेरी मासे. त्यांनी माशाच्या पोटात थर्मामीटर खुपसून आकडा बघितला, मगच बोलायला सुरुवात केली.

त्यांनी सांगितलं ते मी माझ्या शब्दांत मांडते. जगात सर्वांत जास्त अटलांटिक सॅल्मन नॉर्वे पाळतं, वर्षाला सुमारे 15 लाख टन, त्याखालोखाल चिली. 1970 साली हित्रा बेटावर ग्रोन्टवेट बंधूंनी समुद्रात तरंगत्या जाळ्यात मासे पाळून दाखवले, तिथून हा धंदा उभा राहिला. अंड्यापासून ताटापर्यंत साधारण तीन वर्षं लागतात, आणि खर्चातला सगळ्यात मोठा वाटा खाद्याचा.

आता धुराचं गणित. मासा नॉर्वेचा, पण युरोपातला बराचसा स्मोक्ड सॅल्मन पोलंडमध्ये तयार होतो. मी विचारलं, असं का? ते म्हणाले, "ताई, जकात बघा." नॉर्वे युरोपीय संघाच्या बाहेर आहे. नॉर्वेहून संघात ताजा सॅल्मन गेला तर जकात 2 टक्के. तोच मासा नॉर्वेत धुरी देऊन पाठवला तर 13 टक्के. मग कारखाने पोलंडमध्ये निघाले. मजुरी स्वस्त, आणि सर्वांत मोठं गिऱ्हाईक जर्मनी शेजारीच. धुराचा कारखाना कुठे उभा राहील हे धूर नाही, जकात ठरवते.

हे ऐकून माझ्या अंगावर काटा आला, कारण आमच्या घराने ह्याची दुसरी बाजू भोगली आहे. 1997 साली युरोपीय संघाने सुक्या बोंबलाची आयात थांबवली. मासळी मान्यताप्राप्त कारखान्यातूनच यायला हवी असा नियम, आणि बोंबील वाळतो वलांडीवर, म्हणजे बांबूंच्या मांडवावर, मोकळ्या हवेत. बोंबलाने कुणाला आजारी पाडलं म्हणून ती बंदी नव्हती. पुढे मान्यताप्राप्त केंद्रात पॅक केलेला माल परत जाऊ लागला. पण सासरे सांगायचे, त्या वर्षी घरातल्या गोण्यांना कुणी हात लावला नाही.

मुंबईच्या बाजूचं चित्र आयातदारांनी असं सांगितलं. आपल्याकडे आयात मासळीवर 30 टक्क्यांच्या वर जकात पडत आली आहे. स्वित्झर्लंड, नॉर्वे, आइसलँड आणि लिख्टेनश्टाइन यांच्याबरोबरच्या व्यापार करारावर 10 मार्च 2024 रोजी सह्या झाल्या आणि तो 1 ऑक्टोबर 2025 पासून लागू झाला. नॉर्वेच्या मासळीवरची जकात त्यात टप्प्याटप्प्याने उतरायची आहे. एका रात्रीत भाव पडणार नाही, पण धंदेवाल्यांची नजर तिकडे आहे. दुसरी अडचण मुदतीची. परदेशी खाद्यपदार्थ इथे उतरताना त्याची 60 टक्के मुदत किंवा तीन महिने, यातलं जे कमी असेल तेवढं शिल्लक असावं लागतं. न गोठवलेल्या स्मोक्ड सॅल्मनची मुदतच काही आठवड्यांची. कागदपत्रात चार दिवस गेले की संपलं. म्हणून बराच माल गोठवूनच येतो. काही जण ताजा मासा विमानाने आणून धूर इथेच देतात, म्हणजे मुदत इथून सुरू होते.

गिऱ्हाईकही बदललंय. पूर्वी त्यांचा जवळजवळ सगळा माल हॉटेलांत जायचा, रविवारच्या ब्रंचसाठी पूर्ण बाजू. कोविडनंतर घरपोच मागवणारे वाढले, आणि आता 100 ग्रॅमची पाकिटं हाच त्यांचा रोजचा धंदा. वांद्रे, जुहू, पवई, दक्षिण मुंबई, आणि अलीकडे ठाणे. मराठी आडनावं किती, हे मी मुद्दाम विचारलं. "वाढताहेत," ते म्हणाले. "परदेशात राहून आलेली मुलं आई-वडिलांना आणून खायला घालतात." हिमाचलचा स्मोक्ड ट्राउटही त्यांच्याकडे होता, सॅल्मनच्याच कुळातला. कुल्लूजवळचं पतलीकुहलचं ट्राउट केंद्र नॉर्वेच्या सहकार्याने वाढलेलं. नॉर्वेशी आपलं मासळीचं नातं त्याहूनही जुनं आहे. 1952 मध्ये करार होऊन केरळात भारत-नॉर्वे प्रकल्प आला आणि यांत्रिक बोटी, बर्फ, गोठवण ह्या गोष्टी तिथल्या किनाऱ्यावर पोहोचल्या.

निघताना जाऊबाईंनी एकच प्रश्न विचारला. "ह्या माशाच्या किमतीत मासा किती आणि बाकी किती?" ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "वहिनी, मासा निम्माही नाही. बाकी थंडी, कागद आणि भाडं."

तिथून मरोळला, सुक्या मासळीच्या बाजारात. गोण्यांच्या भिंती: बोंबील, वाकट्या, मांदेली, जवळा, खारा बांगडा. उत्तन, वसई, अर्नाळ्याचा माल. मे महिन्यात आगोटीच्या खरेदीला इथे पाय ठेवायला जागा नसते, डिसेंबरात निवांत बघता येतं. एका आजींनी मला बोंबील पारखायला नव्याने शिकवलं, जरी आम्ही तेच विकतो. मधोमध वाकवला तर करकरला पाहिजे. तोंड उघडून आत बघायचं, काळं दिसलं तर तो दमट हवेत वाळलाय. रंग फिका पिवळसर, लाल झाक नको. मी विचारलं, "हा कधी वाळवलेला?" आजी म्हणाल्या, "दिवाळीनंतरचा." कुठला? "उत्तनचा." त्यांना सगळं माहीत होतं. गोणीवर मात्र एक अक्षर नव्हतं. सकाळी थर्मोकोलच्या पेटीवर माशाचा जन्म-पत्ता वाचला होता, आणि इथे तोच पत्ता आजींच्या डोक्यात होता. आजी नसतील तेव्हा तो माल नुसता 'सुका बोंबील' उरेल. मला रडू आलं, खरंच.

मरोळला सकाळीच जा, कापडी पिशवीच्या आत जाड प्लास्टिकची पिशवी न्या, आणि परतीच्या लोकलमध्ये डब्यातल्यांचा विचार करा.

शनिवार: वेसावे आणि परत

वेसाव्याच्या किनाऱ्यावर वलांडीवर बोंबील जोडीने अडकवलेले, एकाच्या तोंडात दुसऱ्याचं तोंड. वाऱ्याने सगळी रांग एकदम हलत होती. एका घरी ओला बोंबील कुरकुरीत तळून आणि तांदळाची भाकरी, इतकं चांगलं जेवण चार दिवसांत झालं नव्हतं.

दुपारच्या रो-रोने परत. सॅल्मनचं पाकीट बर्फाच्या डब्यात जाऊबाईंच्या मांडीवर. वाटेत त्यांनी वहीत आमच्या लेबलचा नमुना लिहिला: गाव, जाळ्याचा प्रकार, वाळवायला घातल्याची तारीख, किती दिवस वाळला, कुणी वाळवला. शेवटच्या ओळीत बायकांची नावं घालायची असं ठरलं.

रविवारी सासूबाईंसमोर पाकीट उघडलं. त्यांनी चकती उचलून उजेडात धरली, वास घेतला, भाकरीच्या तुकड्यात दुमडली आणि सावकाश चावली.

"मीठ बरोबर पडलंय," त्या म्हणाल्या, आणि दुसरी चकती घेतली.